वासाची वर्गणी

बाळकुमला तुळसाबाईंची जादूची शाळा आहे, हे मला एका रिक्षावाल्याकडून कळलं. "बाळकुम नाक्यावर सोडा" म्हटल्यावर त्याने आरशातून माझ्याकडे बघत विचारलं, "शाळेत का?" माझं वय बघता या प्रश्नाचा मला राग यायला हवा होता. मी विचारलं, "कुठल्या?" तर म्हणाला, "तीच, जादूची. रविवारची असते. आमची मिसेस जाते ना. आता दुसऱ्या वर्षाला आहे." लोक शिवणक्लासबद्दलही इतक्या सहजपणे बोलत नाहीत. माझं नाक्यावरचं काम तसंच राहिलं आणि मी थेट शाळेच्या दारात उतरलो.

शाळा म्हणजे दोन टॉवरांच्या मधे उरलेलं मिठाचं जुनं कोठार. टॉवरांखालची जमीन तुळसाबाईंचे यजमान पंढरीशेठ यांची. त्यांच्या आगरी घरातली माणसं पावसाळ्यात भात लावायची आणि उन्हाळ्यात मिठागरात राबायची. मग मिठागरं बंद पडली, बिल्डर आले, आणि पंढरीचे पंढरीशेठ झाले. करार करताना त्यांनी एकच अट घातली होती, की बायकोच्या शाळेला हात लावायचा नाही. बिल्डरने शब्द पाळला. त्याने कोठाराला हात लावला नाही, फक्त भोवती प्लास्टिकचं गवत लावलं आणि जाहिरातीच्या पुस्तिकेत कोठाराचा फोटो 'मेडिटेशन झोन' म्हणून छापला.

आत गेलो. मधोमध एक दगडी कुंडी होती, म्हशीला आंघोळ घालता येईल एवढी. पूर्वी तिच्यात मीठ धूत असत. कुंडीशेजारी पाटावर तुळसाबाई बसल्या होत्या. मी विचारलं, "इथे नक्की काय शिकवता? गायब होणं, हवेत तरंगणं वगैरे?"

"एकट्याची जादू म्हंजे हातचलाखी," त्या म्हणाल्या. "ती टीवीवर बग. आमच्याकडं सगल्यांनी मिलून करायची आसते."

"म्हणजे कशी?"

"हवेतून काय पन येत नाय, भाऊ. एकाला काय पायजे आसंल तं बाकीच्यांनी आपल्यातला काडून द्यायचा. गनपतीला वर्गनी काडता ना तुमी? तसाच."

मला वाटलं, बाई दृष्टांत देतायत. तो दृष्टांत नव्हता, अभ्यासक्रम होता. शहाडच्या गोदाबाईंची झोप उडाली होती, तेव्हा अख्ख्या वर्गाने आपापली दुपारची झोप वर्गणी म्हणून दिली. त्यानंतर वर्ग दुपारभर टक्क जागा आणि शहाडला गोदाबाई घोरतायत. रघुला लिफ्टची भीती वाटायची. त्याला सगळ्यांनी चिमूट चिमूट धीर दिला. रघु लिफ्टने जाऊ लागला. बाकीचे काही दिवस जिन्याने गेले.

मी नाव घातलं. बघत बसतो म्हटलं, तर तुळसाबाई म्हणाल्या, "बगनाऱ्यांसाठी टीवी हाय, सांगितला ना."

विधी सोपा होता. मुठीत खडेमीठ घ्यायचं आणि कुंडीभोवती हातात हात गुंफून फेर धरायचा. तुळसाबाई गातात, त्यामागून बाकीचे गातात. आपली पाळी आली की काय देतो ते मोठ्याने सांगायचं आणि मीठ कुंडीतल्या पाण्यात टाकायचं. ज्याला गरज आहे त्याने शेवटी ते पाणी लावायचं. गाणारीने द्यायचं नसतं, तिने फेर सांभाळायचा. बस्स. मंत्र नाही, धूर नाही, कवटी नाही. मला थोडं वाईटच वाटलं.

वर्गात बहुतेक मंडळी कळवा, डोंबिवली, कल्याणची. त्यातले डोंबिवलीचे सुदेश हे आपल्या सोसायटीचे कायमचे सेक्रेटरी. दरवर्षी ते राजीनामा देतात आणि दरवर्षी दुसरं कोणी उभं राहत नाही. शाळेत आल्यावर त्यांनी आधी मागच्या रविवारचा वृत्तान्त वाचायची प्रथा सुरू केली. जादूच्या शाळेत "मागील सभेत रघु यांना धीर देण्यात आला, त्यास मंजुरी" असं ऐकायला फार बरं वाटायचं.

फाल्गुन संपत आला होता, तेव्हा कळव्याचे दौलतराव आणि त्यांच्या पत्नी शेवंतीबाई शाळेत आले. मूळचे साताऱ्याकडचे. शेवंतीबाई कांदा-लसूण मसाला करून विकायच्या आणि कळव्यात त्यांच्या मसाल्याचं नाव होतं. बोलल्या सगळं शेवंतीबाईच. दौलतराव मांडीवर टोपी ठेवून ऐकत होते.

"मी कढईवर उभी असते," शेवंतीबाई म्हणाल्या. "हे बाहेरच्या खोलीत, खुर्चीत, डोळे मिटून. ह्यांनी आत यायचं नाही, कढईत बघायचं नाही. वास बाहेर पोचला की हे ओरडणार, 'उतरव!' आणि मी उतरवणार. लग्न झाल्यापासून असंच."

"एरवी आमच्यात फार बोलणं होतं असं नाही," दौलतराव म्हणाले. "पण 'उतरव' कधी चुकला नाही."

मग दौलतरावांना ताप आला. ताप गेला तो नाक घेऊन गेला. डॉक्टर म्हणाले, वास येईल हळूहळू. तो काही आला नाही. गेल्या उन्हाळ्यात एक घाणा करपला, त्या धास्तीने पुढचा कच्चा उतरवला. "बायका 'छान झालाय हो' म्हणाल्या आणि परत आल्याच नाहीत," शेवंतीबाई म्हणाल्या. "वाईट झालाय म्हणाल्या असत्या तर निदान भांडायला आल्या असत्या. आता गच्चीत मिरची वाळतेय. ह्या खेपेलाही बिघडला तर संपलं. मुलगा म्हणतो, बस झालं, कढई देऊन टाक."

"आणि काका काय करतात मग दिवसभर?" कल्याणच्या सोनलने विचारलं. सोनल वर्गातली सगळ्यात लहान, नुकतंच लग्न झालेली.

"खुर्चीत बसतात," शेवंतीबाई म्हणाल्या. "डोळे मिटून. कढई चढवलेली नसली तरी."

 

तुळसाबाईंनी निवाडा दिला. प्रत्येकाने आपल्या नाकातला एक वास द्यायचा. दिलेला वास आपल्याला पुन्हा येणार नाही. "आनि मोठ्यान् सांगायचा," त्या म्हणाल्या.

इथे सुदेश उठले. "एक मुद्दा आहे. झोप ठीक आहे, धीर ठीक आहे. पण वास ही ज्याची त्याची खासगी बाब आहे. वर्गणी गुप्त असावी असा मी ठराव मांडतो."

"मोठ्यान् सांगायचा आसतं रं," तुळसाबाई म्हणाल्या. "माझ्या आजीपासून तसाच हाय."

"अनुमोदन?" सुदेशनी विचारलं. माझ्यासकट सगळ्यांचे हात वर गेले. बायकोच्या वर्गाला न चुकता बसणाऱ्या पंढरीशेठचाही, आणि तो सोन्याच्या कड्यामुळे लांबून दिसला.

तुळसाबाईंनी नवऱ्याच्या त्या हाताकडे बघून घेतलं. "मिठाला हात कलतात का, वर केल्याले?"

"ठराव बहुमताने मंजूर झालाय, बाई."

"बरा. करा. मी बगते."

फेर धरला. प्रत्येकजण मूठ तोंडाशी नेऊन पुटपुटला आणि मीठ पाण्यात गेलं. दौलतरावांनी ते पाणी नाकाला लावलं. डोळे मिटले. एक श्वास घेतला, मग दुसरा. आम्ही सगळे त्यांच्या नाकाकडे बघत होतो.

"येतंय," ते म्हणाले. "काहीतरी येतंय!"

"काय? काय येतंय?"

दौलतरावांनी डोळे उघडले. "मोजे."

टाळ्यांचा कडकडाट झाला. शेवंतीबाईंनी पदराने डोळे पुसले. "कोणाचे?" असं कोणीतरी विचारलं, तेव्हा सुदेश म्हणाले, "तपशिलात जायला नको."

घरी जाताना कळव्याच्या खाडीपुलावर दौलतरावांनी रिक्षा थांबवायला लावली म्हणे. शेवंतीबाई नाकाला पदर लावून बसलेल्या, आणि हे कठड्याशी उभे. "अगं," म्हणाले, "काय सुंदर घाण आहे गं!"

हा आनंद घरी पोचेपर्यंत टिकला. चहा समोर आला, चहाला वास नव्हता. मोगऱ्याचा गजरा आणला, वास नाही. अत्तराचा फाया कानात घातला, नाही. पण कचऱ्याच्या डब्याचा वास आला. डांबराच्या गोळ्यांचा आला. तुंबलेल्या गटाराचा आला. शेजारी तळल्या जाणाऱ्या बोंबलाचा आला, आणि शेजारी त्या दिवशी बोंबील तळतायत हे शेजाऱ्यांनी लपवलेलं असतानाही आला. बाकी जग जसं होतं तसंच, बिनवासाचं.

तरी शेवंतीबाईंनी थोडी मिरची नि थोडं खोबरं कढईत टाकून बघितलं. दौलतराव खुर्चीत. बराच वेळ गेला. आणि एकदम ते गरजले, "करपलं!"

"ते मलापण दिसतंय," आतून आवाज आला. "काळं झालंय."

पुढच्या रविवारी शेवंतीबाई कोठारात शिरल्या त्या कढई घेऊनच. करपलेली कढई त्यांनी कुंडीशेजारी ठेवली आणि भिंतीला टेकून बसल्या. सुदेशनी वृत्तान्ताचा कागद काढला होता, तो परत खिशात गेला.

"कोनी काय दिला?" तुळसाबाईंनी विचारलं. "आता बोला मोठ्यान्."

सगळे आपापल्या पायांच्या अंगठ्यांकडे बघू लागले. सुरुवात शेवटी सुदेशनाच करावी लागली. "मी आमच्या सोसायटीच्या कचराखोलीचा दिला. लोक तक्रार घेऊन येतात तेव्हा आता मी अगदी मनापासून सांगतो, मला तर काही वास येत नाही. त्यावरून माझ्याविरुद्ध सह्या गोळा चालल्यात."

मग बांध फुटला. मी आमच्या जिन्यातल्या बोक्याचा वास दिला होता. एकीने नवऱ्याचे मोजे दिले होते, एकाने नाला दिला होता, एकीने सासऱ्यांचं केसांचं तेल दिलं होतं. दौलतराव मान डोलवत होते. प्रत्येक वास त्यांना पोचला होता आणि आता त्याचा मालक कळत होता.

सोनल म्हणाली, "मी करपल्याचा दिला. माझ्या हातून रोज काहीतरी करपतं. सासूबाई हॉलमधूनच म्हणतात, 'झालं का?' तो वास आला की ना, मी धावत जाऊन खिडकी उघडायचे. म्हटलं, जाऊ दे ना, देऊन टाकू."

"मग आता?"

"आता मला करपल्याचं कळतच नाही! काल दुधाचा कोळसा झाला. मी दौलतकाकांना व्हिडिओ कॉल लावून ठेवलेला गॅसपाशी, पण ते काय वर्क झालं नाही."

"येत नाही वास फोनवरून," दौलतराव गंभीरपणे म्हणाले. "मी नाक लावून बघितलं."

"आणि तुझा वास माझ्या काय उपयोगाचा, पोरी?" शेवंतीबाई त्या दिवशी पहिल्यांदाच बोलल्या. "करपल्यावर ओरडायला माणूस कशाला हवा? करपायच्या आधीचा वास हवा मला."

सगळ्यात शेवटी पंढरीशेठ राहिले. ते कडं फिरवत होते. "मी खाडीकाठच्या खाजनातल्या चिखलाचा दिला," ते म्हणाले. "टॉवरवाले दर ओहोटीला माझ्याकडं येतात, पंढरीशेठ वास येतो, पंढरीशेठ कायतरी करा. मी बोललू, जाऊं दे, माझा तरी जाईल. काल सकाली खाडीवर गेलू. पानी दिसला, बगले दिसले, चिखल दिसला. पन मी कुठं आलूय तेच कलना. बापाच्या अंगाला तोच वास यायचा."

"तो तुमचा होय!" दौलतराव म्हणाले. "एवढ्यांत तो एकच मला बरा वाटलेला."

पंढरीशेठनी त्यांच्याकडे बघितलं आणि मान दुसरीकडे वळवली.

"पुराच्या येलेला फाटक्या साड्या पाटवतात ना, तसा केलाव तुमी," तुळसाबाई म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता, म्हणून जास्त लागलं. "नको आसंल ते देयाचा म्हंजे वर्गनी नाय, भंगार. म्हनून मोठ्यान् सांगायचा आसतं. चारचौघांत कोनी बोलंल का, मी मोजे देते? पुढच्या रविवारी या. जे गेला तं जीव हलहलंल, ते घेऊन या."

पुढच्या रविवारी कोण येणार हे कळायला जादू लागत नव्हती. सकाळपासून शाळेच्या ग्रुपवर मेसेज पडू लागले. कोणाची मुलुंडची आत्या आजारी, कोणाकडे साखरपुडा, कोणाचा पाय मुरगळलेला. रिक्षावाल्याच्या मिसेसनी तर रिक्षा मिळत नाही असं कळवलं.

कोठारात आम्ही आलो ते सुदेश, सोनल, पंढरीशेठ आणि मी. शिवाय दौलतराव, शेवंतीबाई, तुळसाबाई. कुंडीभोवती उभे राहिलो, हात ताणले, तरी फेर काही बंद होईना. सोनलचा हात आणि माझा हात यांच्यामध्ये एक स्कूटर आरामात गेली असती.

"काही हरकत नाही," सुदेश म्हणाले. "गणसंख्या नसेल तर सभा अर्धा तास तहकूब करायची. अर्ध्या तासाने त्याच ठिकाणी जितके हजर असतील तितक्यांची गणसंख्या पूर्ण मानायची. आमच्याकडे आजवर सगळे निर्णय असेच झालेत."

आम्ही अर्धा तास थांबलो. पंढरीशेठनी चहा मागवला. दौलतरावांनी कप नाकाशी नेला आणि तसाच खाली ठेवला. मग सुदेशनी घड्याळ बघितलं, घसा खाकरून गणसंख्या पूर्ण झाल्याचं जाहीर केलं, आणि आम्ही पुन्हा हात ताणले. स्कूटरएवढी जागा होती तिथेच होती.

"मिठाला सांग तुझा नियम," तुळसाबाई म्हणाल्या.

शेवंतीबाई मागे भिंतीशी उभ्या होत्या. त्या कुंडीपाशी गेल्या. गेल्या रविवारची करपलेली कढई तिथे तशीच होती. नळावर नेऊन त्यांनी ती खसाखसा घासली, पाणी भरलं आणि कुंडीपासून लांब, मोकळ्या जमिनीवर आणून ठेवली. "कुंडीच पाहिजे का बाई? ही चालेल?"

तुळसाबाईंनी बराच विचार केला. "मिठाला भांडा नाय कलत," त्या म्हणाल्या. "मानसा कलतात. पन ह्याच्यात थोडाच मावंल. काय काय पायजे ते नीट सांग."

"मला सगळं जग नकोच आहे," शेवंतीबाई म्हणाल्या. "ह्यांना मोगरा नाही आला तरी चालेल. माझा मसाला आला पाहिजे. धने, तीळ, सुकं खोबरं, तळलेला कांदा, लसूण, मिरची. ह्या सगळ्यांचा भाजतानाचा वास."

फेर धरला. या वेळी हात सहज पोचले. तुळसाबाईंनी सूर लावला आणि मधेच म्हणाल्या, "मानसा कमी हाव, मी पन देते. तीळ." संक्रांत त्यांनी अशी एका शब्दात देऊन टाकली.

सुदेश अडखळले, मग मोठ्याने म्हणाले, "धने. भाजलेले." आई त्यांना लहानपणी ताप आला की धन्याचं पाणी द्यायची, असं ते नंतर कधीतरी बोलले.

सोनल म्हणाली, "तळलेला कांदा." मी हळूच म्हटलं, अगं, तुझं आधीच एक गेलंय. "राहू दे हो काका. सासूबाई तशाही म्हणतात, हिच्या भाजीला वास नसतो. आता मी पण तेच म्हणेन."

मी खोबरं दिलं. ते का जड गेलं हे ज्यांच्या घरी दिवाळीत करंज्यांचं सारण भाजतात त्यांना सांगायला नको.

पंढरीशेठची पाळी आली. उरलं होतं लसूण आणि मिरची. आगरी घरातल्या, मिरचीवरच वाढलेल्या माणसाकडे मिरचीचा वास मागणं म्हणजे काय, ते तुळसाबाईंच्या चेहऱ्यावर दिसलं. त्यांचं गाणं क्षणभर थांबलं. "मिरची," पंढरीशेठ म्हणाले. "चिखल चोरून दिला. ही उघड देतू."

"लसूण राहिला," सुदेश म्हणाले. "देणारे संपले."

"मी देते की," शेवंतीबाई म्हणाल्या आणि फेरात शिरल्या.

"तू मागनारी," तुळसाबाई म्हणाल्या.

"मागणारीनं देऊ नये असं कुठं लिहिलंय?"

सगळ्यांनी सुदेशकडे बघितलं. त्यांनी डोळे मिटून सगळे उपविधी मनातल्या मनात चाळले. "नाही," ते म्हणाले. "कुठेच नाही."

कढईतलं पाणी दौलतरावांनी नाकाला लावलं. त्यांनी श्वास घेतला, पुन्हा घेतला आणि नकारार्थी मान हलवली. कोठारात ना धने होते ना खोबरं. वास येणार तरी कशाचा? खरं काय ते गच्चीतल्या मिरचीलाच कळणार होतं.

आम्ही सगळे कळव्याला गेलो. शेवंतीबाई आत, कढईवर. दौलतराव बाहेर खुर्चीत, डोळे मिटून, टोपी गुडघ्यावर. आम्ही भिंतीला टेकून. आत उलथनं फिरत होतं. मिरची पडली तशी आम्ही खोकायला लागलो. पंढरीशेठच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागलं. "डोल्यांना कलतंय," ते कुजबुजले, "नाकाला काय पन नाय."

दौलतराव हलले नाहीत. उलथनं फिरत होतं. मला वाटलं झालं आता, करपणार. सुदेशनी तोंड उघडलं, सोनलने त्यांचा शर्ट ओढला. दौलतरावांच्या नाकपुड्या किंचित फुलल्या.

"उतरव!"

आत कढई खाली ठेवल्याचा आवाज झाला.  मग शेवंतीबाईंचा आवाज आला, रोजचाच, जरा त्रासिक: "बसून काय राहिलात? पुढची मिरची आणा गच्चीतनं."

दौलतराव टोपी घालून गच्चीत गेले.

त्या उन्हाळ्यात कळव्यातल्या बायका परत आल्या. आम्हाला प्रत्येकाला एकेक पुडी मिळाली. मसाला फक्कड झाला होता, यावर आमचं एकमत आहे. फक्त सुदेशना त्यात धने कमी वाटतात, सोनलला कांदा, आणि पंढरीशेठ म्हणतात, तिखट लागतं पण मिरची घातलीय कुठं? शेवंतीबाईंनी सगळ्यांचं ऐकून घेतलं आणि प्रमाण काही बदललं नाही.

परवा मी त्यांना फोन करून सांगितलं, "बाकी उत्तम आहे हो, पण खोबरं जरासं कमी पडतंय."

"कमी नाही भाऊ," त्या म्हणाल्या. "तुमचं आमच्याकडं आहे."